वरच्या फळीवरची बरणी

ऐन लौज, २४ फेब्रुवारी १९९८

नजला,

आपला बाप शनिवारी सकाळी मीना बंदरात वारला. गावचा मुख्तार हबीब स्वतः दारात येऊन सांगून गेला. दाखल्यावरचं नाव, आजोबांचं नाव आणि गाव त्याने दोनदा ताडून पाहिलं होतं, तेव्हा चूक नाही. हृदय बंद पडलं. रविवारी दुपारी तिथेच पुरलं.

तेरा वर्षांत हे माझं तुला पहिलं पत्र. काल तू तीनदा फोन केलास. मी समोर बसून तो वाजू दिला. लिहिणं त्यातल्या त्यात बरं, मध्येच उठून हात धुऊन येता येतं.

मी अंत्यविधीला गेले नाही. जे कळलं ते लोकांकडून. चर्च भरलं होतं. ती बाई, सुआद, पहिल्या रांगेत होती, आणि रडता रडता तिच्या नाकाखालची पावडर ओघळून तोंडात जात होती. त्याला नवे तपकिरी बूट घातले होते. तळवे कोरे करकरीत, एका तळव्याला दुकानाच्या चिठ्ठीचा तुकडा अजून चिकटलेला. डाव्या करंगळीचं नख अजून तसंच वाढवलेलं, पिवळं. त्याच नखाने तो खजुराची बी उकरून काढायचा आणि तो खजूर आपल्याला भरवायचा. मला अजूनही बी असलेला खजूर खाववत नाही.

आईने काळा झगा काढला. मी विचारलं, "हे कुणासाठी?"

"नवरा गेला."

"तो तुझा नवरा चोवीस वर्षांपूर्वी गेला. आता गेला तो सुआदचा."

"चर्चच्या वहीत त्याच्या नावापुढे माझंच नाव आहे," आई म्हणाली. "सुआदचं काय ते सुआद बघेल. यंदा साचे काढायचे नाहीत हं."

मी म्हटलं, साचे निघतील.

तुला तिकडे मेलबर्नमध्ये हे आठवतं की नाही, मला ठाऊक नाही. ईस्टरआधीच्या पवित्र आठवड्यात इथे घराघरातून मामूलचे, त्या सारण भरलेल्या रव्याच्या बिस्किटांचे, लाकडी साचे टेबलाच्या कडेवर आपटल्याचा आवाज येतो, दिवसभर ठक ठक. ज्या घरात मयत झालं त्या घरातून येत नाही. आणि सणाच्या सकाळी शेजारणी त्या घरी आपापल्या मामूलचं ताट घेऊन जातात. आमच्या घरातून आवाज आला नाही, तर सगळं गाव म्हणणार की नकूलाच्या बायकोने आणि पोरीने त्याचं सुतक पाळलं. मी ते होऊ देणार नाही. त्या माणसासाठी या घरात एक साचासुद्धा गप्प बसणार नाही.

एवढंच कळवायचं होतं.

विदाद

*

ऐन लौज, २० मार्च

नजला,

तुझं पत्र मिळालं. चार पानांत तू मला एकच प्रश्न विचारलास. बुटाच्या तळव्याला चिकटलेली चिठ्ठी लोकांनी मला कशी सांगितली? लहानपणीही तू अशीच होतीस. आपण काही चोरून खाल्लं की सगळ्यांदेखत माझी बोटं हुंगायचीस.

ठीक आहे, मी गेले होते. आईला दाताच्या डॉक्टरकडे जाते म्हणून सांगितलं आणि बस धरली. मागच्या खांबाआड उभी राहिले. कशाला, म्हणून विचारू नकोस. तोच आहे ना, एवढं बघायचं होतं, असं समज.

बाहेर पडताना सुआदने मला गाठलं. ओल्या तोंडाने दोन्ही गालांचे मुके घेतले आणि माझे हात धरून म्हणाली, "तू विदाद. अगदी त्याचेच हात." चर्चच्या मागे नळ आहे. मी तिथे कोपरापर्यंत हात धुतले, गाल धुतले, रुमाल तिथेच टाकून दिला.

तू येतेस म्हणतेस. पवित्र शनिवारी संध्याकाळी बेरूतला उतरणार आणि "आईबरोबर दोन दिवस बाबांसाठी बसायचं आहे." बाबा! तू सोळा वर्षांची होतीस, तुला काही फार पाहावं लागलं नाही, म्हणून पुन्हा लिहिते. चौऱ्याहत्तर सालचा पवित्र आठवडा. आईने रवा मोजून परातीत घेतला होता, अक्रोड कुटून ठेवले होते, आणि तूप कमी पडलं. तो म्हणाला, "त्रिपोलीहून आणतो, तासाभरात आलोच." टोपी घालून गेला. ती परात आईने कुणाला हलवू दिली नाही. पुढच्या बुधवारी मी कापड उचललं तेव्हा रवा चालत होता. एवढे किडे मी आजवर पाहिले नाहीत. तूप आणायला गेलेला माणूस मीनात एका शिंपिणीच्या माडीवर राहतो, ही बातमी त्याच दिवशी आली.

आणि पंच्याऐंशी साली तुझ्या लग्नात तू त्याचाच हात धरून चर्चमध्ये शिरलीस. आई घरी बसली होती. मी आईजवळ बसले होते. फोटोत तुझ्या बाहीवर ते नख दिसतं.

यायचं तर ये. घर आईचंही आहे. पण तू येशील ती मामूल केलेल्या घरात येशील. इथे त्याच्यासाठी कुणी बसलेलं तुला सापडणार नाही.

विदाद

*

ऐन लौज, ५ एप्रिल

नजला,

आता हे वाच, आणि उभी असशील तर बस.

चाळिसावा दिवस झाला त्याच्या दुसऱ्या दिवशी सुआद इथे आली. या गावात, आपल्या दारात. टॅक्सीतून उतरली, तिच्या मागून टॅक्सीवाला एकावर एक रचलेले दूध पावडरचे डबे घेऊन. प्रत्येकाच्या तोंडाला पिठाच्या गोणीचं कापड, निळ्या दोऱ्याने बांधलेलं. तो दोरा मी ओळखला. आपल्या शिवणाच्या पेटीतला तो.

"उम्म विदाद," ती आईला म्हणाली, "हे तुमचे. तो गेला, आता माझ्याकडे राहून काय उपयोग."

मी दारात आडवी उभी होते. मी म्हटलं, "कसले डबे?"

"अगं, मामूलचे. दर ईस्टरला यायचे तेच." माझ्याकडे बघत तिने डोळे मोठे केले. "तुला माहीत नाही? तूच तर मठात पोचवायचीस ना?"

मी आईकडे पाहिलं. आई सुआदला म्हणाली, "बस. कॉफी घेशील?"

बसली. आपल्या दिवाणावर, आपल्या कपात कॉफी प्यायली, आणि बोलत सुटली. "काय सांगू, उम्म विदाद. कुणाला हात लावू द्यायचा नाही. मलासुद्धा एक नाही! 'ह्या माझ्या वाटणीच्या' म्हणायचा. दार लावून एकटा खायचा, रोज दोन. खाऊन झाल्या की वर घटाघट कॉफी. बाहेर यायचा तेव्हा डोळ्यांत पाणी. मी म्हणायची, बरं आहे, जुनी माणसं आठवतात त्याला. शेवटचा कणसुद्धा टाकला नाही हो कधी."

आई मान खाली घालून ऐकत होती. तिच्या ओठांच्या कोपऱ्यात काहीतरी हललं. मला वाटलं ती रडणार. मला ते पाहवेना.

ती गेल्यावर मी विचारलं. आईने काही लपवलं नाही. सत्त्याऐंशीपासून दर वर्षी. पवित्र शनिवारी मी जो डबा वर मठात, तिथल्या प्रमुख साध्वी आई कतरीनाकडे पोचवायचे, "साध्वींसाठी" म्हणून, तो मठाच्या गाडीतून मीनाला जायचा. आई कतरीना त्याची चुलत बहीण, हे मला चांगलं ठाऊक होतं. ठाऊक असून अकरा वर्षांत एकदाही डोक्यात आलं नाही. चढणीवर ऊन लागू नये म्हणून मी तो डबा ओढणीखाली, पोटाशी धरून न्यायचे, नजला! तीन मैल. त्याच्यासाठी.

डबे अजून मागच्या अंगणात आहेत. धुतले तरी वास जात नाही. एक उघडला तर आत जुन्या तुपाचा असा भपका की डोळ्यांत पाणी आलं. बाईने वर्षानुवर्षं न धुता ठेवले असणार. त्या घरात स्वच्छता कशी असेल, ते यावरूनच कळलं.

तुझा मला राग होता, तो निदान सरळ होता. तू उघड गेलीस. आईने माझ्या हातून पाठवलं. मला तिच्या हातचं पाणीही घ्यावंसं वाटत नाही. काल तिने माझ्या ताटात भात वाढला, तो मी मांजराला घातला.

उद्यापासून नारिंगाच्या फुलांचं पाणी काढायचं आहे. ते झालं की पवित्र आठवडा. मी एकटी करीन. सगळ्या करीन.

विदाद

*

ऐन लौज, १५ एप्रिल, पवित्र बुधवार

नजला,

तू निघायच्या आत हे काही मिळणार नाही. तरी लिहिते, नाहीतर झोप येणार नाही.

केल्या. खजुराच्या, अक्रोडाच्या, पिस्त्याच्या. सकाळी सहापासून.

गेले आठ दिवस मी नारिंगाच्या फुलांचं पाणी काढते आहे. अंगणात भट्टी, घरात फुलांच्या चादरी, केसांत, उशीत, तोंडात तोच वास. नाकाचं पार लाकूड झालं आहे. काल दुपारी रवा तूप घालून मळून ठेवला, रात्रभर मुरू दिला, आज सकाळी फूलपाणी घालून पुन्हा मळला. बाजारातून नवं तूप आणायचं राहिलं होतं. आईने यंदा काही आणलंच नव्हतं, करायचंच नव्हतं ना तिला. वरच्या फळीवर, लोणच्यांच्या मागे एक बरणी मिळाली, भरलेली, झाकणावर कापड बांधलेलं. पुरली.

आई सबंध वेळ स्वयंपाकघरात बसून होती. काळ्या झग्यात, खुर्ची दाराला लावून, हातात मसूर निवडायचं ताट. मी पहिला साचा भरला. अक्रोडाचा, उंच घुमटाचा, आजीचा. टेबलाच्या कडेवर आपटला. ठक. मामूल माझ्या तळहातावर पडली, नक्षी एकदम स्वच्छ.

मग मी मोजूनमापून, हळू नाही, मुद्दाम जोरात आपटायला लागले. खिडक्या सगळ्या उघड्या ठेवल्या होत्या. समोरून उम्म इस्कंदरचा साचा वाजत होता, तो थांबला. मग खालच्या गल्लीतला थांबला. थोडा वेळ सबंध गावात माझाच आवाज होता.

आई एकदाच बोलली. "तूप कुठलं घेतलंस?"

"घरातलं!" मी ओरडले. "का, तेही त्याच्यासाठी राखून ठेवलं होतंस?"

तिने हातातले मसूर ताटात टाकले. "हुंगलंस का?"

"मला तुझ्याकडून शिकायचं नाही."

"बरं," ती म्हणाली आणि मसूर निवडू लागली.

पहिलं ताट भट्टीतून निघालं तेव्हा उम्म इस्कंदर कमरेवर हात ठेवून दारात. "अगं विदाद, लाज आहे का? आई काळ्यात बसली आहे आणि तू इथे सुतारकाम काढलंस!"

"आई बसली आहे ती तिच्या हौसेने, खाला. मी माझ्या."

"आणि हा वास? गल्लीच्या टोकापर्यंत आलाय वास!"

"येऊ दे. सगळ्यांना कळू दे, या घरात सण आहे."

ती नाक मुरडून आईकडे वळली. "उम्म विदाद, तू तरी बोल काही."

आई म्हणाली, "करू दे तिला. मेहनत करते आहे पोर."

उम्म इस्कंदर नाकाला ओढणी लावून निघून गेली. मला तिचीही शिसारी आली. चोवीस वर्षं हीच बाई आईला सांगत आली, "नकूला ना, मेला तर मी भट्टी पेटवीन." आता तो मेला तर पुन्हा तीच मला लाज शिकवते. मेलं की सगळे गोड होतात. तोंडात बोट घालून ओकावं असा गोडवा.

मी एकही चाखलेली नाही. तुला ठाऊक आहे, मी वीस वर्षांत पाद्र्याकडे कबुलीला गेले नाही, मेणबत्ती लावत नाही. पण ईस्टरआधीच्या मोठ्या उपासात, तूप वर्ज्य असताना, त्याला जीभ लावणं मला अजून जमत नाही. देवासाठी नाही. एकदा मी सारणाची बोटं चाटली म्हणून आजीने लाटण्याने मारलं होतं, त्यासाठी. चव रविवारी.

नव्वदच्या वर झाल्या. कापडाखाली ओळीने मांडून ठेवल्या आहेत. इतक्या सुबक आईच्याही कधी झाल्या नाहीत.

विदाद

*

ऐन लौज, १८ एप्रिल, पवित्र शनिवार

प्रिय नजला,

टॅक्सीवाला हन्ना तुला आणायला बेरूतला निघतो आहे. हे आणि बुधवारचं, दोन्ही त्याच्याजवळ देते. दोन तासांचा रस्ता आहे. बुधवारचं आधी वाच.

वाचलंस? आता हे.

फुलांची भट्टी परवा विझली. आज सकाळी उठले तर नाक जागेवर आलं होतं. मला आधी वाटलं घरात उंदीर मेला. दिवाणाखाली पाहिलं, चुलीमागे पाहिलं. मग कापड उचललं.

एक मोडली. हुंगली. तरी विश्वास बसेना म्हणून तोंडात घातली. उपास मोडला, नजला, आणि कशाने मोडला! अशी चव मला सांगता यायची नाही. जुन्या कुलपाला जीभ लावावी, तशी. वरून साखर, खालून फूलपाणी, आणि मधे ते खवट, टाळूला चिकटून बसणारं, धुऊन न जाणारं. मी मोरीत थुंकले. तीनदा चूळ भरली.

आई गच्चीत ऊन खात बसली होती. मी बरणीच घेऊन गेले.

"आई, हे किती वर्षांचं आहे?"

"त्यातलं? काही तीन वर्षांचं, काही पाच." तिने झाकणाचं कापड नीट केलं. "दर उन्हाळ्यात या कठड्यावर ठेवते. ऑगस्टभर."

मला काही समजेना. "कशाला?"

"त्याच्यासाठी," आई म्हणाली. "तूप आणायला गेला होता ना? आणलं नाही. मग मीच पाठवलं."

मी बरणी कठड्यावर ठेवली.

मग तिने सांगितलं, मसूर निवडताना सांगावं तसं. तुझ्या लग्नाचा फोटो आला, त्यानंतर ती वर्षभर जळत होती. सत्त्याऐंशीत आपल्या नेहमीच्या मामूल झाल्यावर एका दुपारी, मी शाळेत शिकवायला गेले असताना, तिने वेगळा घाणा घातला. खवट तूप, किडके अक्रोड. वरून आजीचा साचा, नक्षी उत्तम. "मला वाटलं, पहिला घास घेईल आणि थुंकेल, सबंध मीनाला कळेल. किंवा निरोप पाठवील, शिवी देईल. काहीतरी येईल म्हणून मी वाट बघत बसले. काही आलं नाही. आई कतरीना म्हणाली, डबा पोचला, खाल्ल्या. मी म्हटलं, खोटं. टाकल्या असतील. पुढच्या वर्षी आणखी वाईट केल्या."

"आणि?"

"आणि परवा ती बाई येऊन सांगून गेली ना. रोज दोन. दार लावून."

मला सुआदची घटाघट कॉफी आठवली. त्याच्या डोळ्यांतलं पाणी आठवलं. धुऊनही वास न गेलेले डबे आठवले. त्या दिवशी आईच्या ओठांच्या कोपऱ्यात काय हललं, तेही कळलं.

"मग काळं कशाला घातलंस?" मी विचारलं. "सूड उगवलास ना? पुरे की."

"ती बाई यायच्या आधी घातलं होतं ते वहीसाठी," आई म्हणाली. "गावात चालायला हवं म्हणून. आता घालते ते वेगळं. त्याला कळलं होतं, विदाद. पहिल्या घासालाच कळलं असणार, त्याच्या जिभेचे नखरे तुला ठाऊक आहेत. बायकोला सांगता आलं असतं, हसता आलं असतं दोघांना माझ्यावर. त्याने मला तिच्यापुढे हसू होऊ दिलं नाही. अकरा वर्षं दार लावून खाल्लं. एवढ्यासाठी एक वर्षाचं काळं मी त्याला लागते."

"आणि बुधवारी तू मला बोलली का नाहीस? नव्वद केल्या मी!"

"विचारलं की. हुंगलंस का म्हणून." आणि ती हसली, नजला. शप्पथ, खांदे हलेपर्यंत हसली. "तू म्हणालीस, मला तुझ्याकडून शिकायचं नाही. म्हटलं, बरं. बापावर गेली आहे, खाईल तेव्हा कळेल."

मला अजूनही किळस येते, कमी झालेली नाही. त्या डब्यांची येते, सुआदच्या ओल्या मुक्याची येते, माणसाला इतकी वर्षं खवट खाऊ घालणाऱ्या या म्हातारीची येते आणि ते निमूट खाणाऱ्या त्याचीही. काय माणसं ही! बोलले असते तर तासाभरात भांडण संपलं असतं. माझीही येते. पोटाशी धरून नेलं मी ते.

पण खाली आले आणि मोरीच्या कडेवर ठेवलेली ती अर्धी मामूल पाहिली. ती मी खाल्ली. सगळी. वर कॉफी प्यायले, घटाघट. डोळ्यांत पाणी आलं, ते कशाने आलं ते मला नक्की सांगता येत नाही.

आता पुढचं सांगते. तू नऊपर्यंत पोचशील. मध्यरात्रीच्या प्रार्थनेला आपण तिघी जाऊ, आईच्या एका बाजूला तू, एका बाजूला मी. परत आलो की उपास सुटेल. टेबलावर तीन ठेवल्या आहेत, अक्रोडाच्या, प्रत्येकीला एक. आई म्हणाली, माझीही ठेव. दार लावून घेऊ. तू थुंकायचं नाहीस. त्या माणसाचा हात धरून चर्चमध्ये गेलीस, आता हीही गिळायची. बाकीच्या हन्नाने आत्ताच गोणीत भरून गाडीत टाकल्या आहेत, वाटेत समुद्रात टाकेल. तुला वास आला तर तो त्यांचा.

सकाळी आठच्या सुमाराला उम्म इस्कंदर येईल. साचे वाजवलेल्या घरी ताट न्यायचं की नाही, यावर सबंध गाव दोन दिवस डोकं खाजवतं आहे, पण ती येईल. आईसाठी येईल आणि माझी मान खाली घालायला येईल. "घरात काही नाही ना गं?" असं विचारील.

दार मी उघडीन. म्हणेन, "नाही, खाला, यंदा आमच्याकडे काही नाही," आणि ताट दोन्ही हातांनी घेईन.

विदाद